सोयरीक मोडणारा चंद्र

शनीला चंद्र किती, हे आता कुणी छातीठोकपणे सांगू नये. दर काही वर्षांनी त्यात भर पडते. त्यातले बहुतेक तर चंद्र म्हणवून घ्यायच्या लायकीचेही नाहीत. बटाट्यासारखे वेडेवाकडे, कोळशासारखे काळपट धोंडे. ते शनीबरोबर जन्मलेले नाहीत. कुठून तरी भटकत आले, त्याच्या ओढीत सापडले आणि तिथेच राहिले. फार लांबून, तिरके फिरतात, एका फेरीला वर्षांवर वर्षं लावतात, आणि पुष्कळसे उलट्या दिशेने फिरतात. अशाच एका धोंड्याबद्दल मी लिहितो आहे. त्याने आमच्या भागातली एक ठरलेली सोयरीक मोडली, असं लोक मानतात. त्याने काही मोडलेलं नाही. मी मोडली. धोंड्यावरचा आळ आधी काढतो, मग बाकीच्यांकडे बघू.

ईट आणि तालुक्याचं वाशी यांच्या मधल्या पट्ट्यात आमचं गाव आहे. तिथल्या हायस्कुलात मी जन्मभर विज्ञान शिकवलं. शिकवलं म्हणजे बोललो. कुणी शिकल्याचा पुरावा माझ्याजवळ नाही. शाळेला एक दुर्बीण मिळाली होती. दिवेलागणीच्या सुमाराला ती मी गच्चीवर लावत असे. गाव रांगेत उभं राहून शनीची कडी बघायचं, "आरारारा, काय दिसतंय!" म्हणायचं, आणि शनिवारी सकाळी त्याच शनीला तेल घालायला पारावर हजर व्हायचं. सरपंच दोनदा रांगेत लागले होते आणि दोन्ही वेळा त्यांनी मला विचारलं, "सर, आपल्याला साडेसाती कधीपत्तुर हाय, ह्यात दिसंल का?"

मी अशा लोकांना तोंडावर मूर्ख म्हणत असे. गावच्या जोशाला तर भर चौकात म्हणत असे. आणि गंमत अशी की त्यामुळे गावात माझा मान वाढला. हा माणूस कशालाच मानत नाही, म्हणजे याला नक्की काहीतरी ठाऊक असणार, असा त्यांचा हिशोब. माझीही छाती फुगायची. दुसऱ्याला तुच्छ लेखणं हे ज्ञान असतं, असं मला पुष्कळ वर्षं वाटत होतं.

त्या रांगेत एकदा नववीतली एक मुलगी होती. शेजारच्या वस्तीवरच्या शेतकऱ्याची. तिने डोळा लावला, मागे सरली, नळीच्या पुढच्या तोंडावर हात धरला, पुन्हा डोळा लावला आणि मग म्हणाली, "चित्र चिकटवल्यालं न्हाय, सर. खरं हाय." बाकी कुणीही, कधीही, तपासून बघितलं नव्हतं. तीच मुलगी वर्गात एकदा मध्येच उठली. ग्रह सगळे एकाच दिशेने फिरतात, एखादाच चंद्र उलटा फिरतो, असं मी सांगत होतो. ती म्हणाली, "उलटा म्हंजे कुणाच्या मानानं, सर?" मी तिला खाली बसवलं. तास संपत आला होता, आणि उत्तर द्यायचं तर मला थोडा विचार करावा लागला असता.

ही मुलगी बारावी झाली आणि माझ्या थोरल्या भावाच्या मुलाशी तिची सोयरीक ठरली. भाऊ म्हणजे आमच्या भागातलं मोठं प्रस्थ. पंचायत, सोसायटी, शाळेची संस्था, सगळीकडे त्याचा शब्द. माझी नोकरीही त्याच्याच शब्दावर लागलेली. जोशाने पत्रिका बघितल्या, मुलीचा शनी सप्तमात पण उच्चीचा आहे, गुण चांगले जुळतात, म्हणून सांगितलं. मुलीच्या दारात बैठक बसली, सुपारी फुटली, पेढे वाटले.

आमच्याकडे एकदा सुपारी फुटली की सोयरीक मोडता येत नाही, असं नाही. येते. पण बैठकीला जी माणसं होती त्यांना पुन्हा बोलावून कारण सांगावं लागतं. कारण खरं पाहिजे असं मुळीच नाही. फक्त ते माणसाच्या हातातलं नसावं. घरात मयत झाली, देवाने कौल दिला नाही, पत्रिकेत काही निघालं, असलं काहीही चालतं. 'आम्हाला दुसरीकडचं बरं वाटलं' हे चालत नाही. तसं म्हणणाऱ्याच्या घरी पुढे कुणी मुलगी देत नाही. थोडक्यात, खोटं बोलण्याची सक्ती आणि तिलाच प्रतिष्ठा म्हणायचं, असा आमचा रिवाज.

सुपारी फुटून महिना झाला नसेल, तोच भावाला उमरग्याहून दुसरं स्थळ सांगून आलं. हायवेवर ट्रकांचा धंदा असलेलं घराणं. भाऊ एका रविवारी दुपारी माझ्याकडे आला. मी बाजेवर पेपर वाचत पडलो होतो.

"मास्तर," तो मला कायम असंच म्हणायचा, "त्यो जोशी लई आडमुठा निघाला गड्या. म्हणतो, एकदा जुळती म्हणून बसलो, आता न्हाय जुळत कसं म्हणू? धंदा बुडंल माझा."

जोशाच्या या बाणेदारपणाचं पुढे काही लोकांनी कौतुक केलं, म्हणून सांगतो. त्यात बाणा वगैरे काही नव्हता. ज्या दुकानात बसायचं त्याची फळी कोण मोडील?

"मग मी काय करू?" मी म्हणालो. "मी पत्रिका मानत नाही."

"म्हणून तर तुझ्याकडं आलो. जोशी म्हणला तर लोक म्हणतील पैसं खाल्लं. तू म्हणलास तर कुणाची बिशाद हाय? कायतर काढ की. एवढा शिकलास ते कशाला?"

पेपरात आतल्या पानावर चार ओळींची बातमी होती. शनीभोवती एक लहानसा नवा चंद्र सापडला होता. काही किलोमीटरचा, उलट्या दिशेने फिरणारा. त्याला नावसुद्धा नव्हतं, नुसता अक्षरं-आकड्यांचा क्रमांक. मी चेष्टेने पेपर भावापुढे टाकला. "हे घे. शनीला नवा चंद्र सापडलाय. उलटा फिरतो म्हणे. जोशाला सांग, ग्रहमान बदललं. पत्रिका जुनी झाली."

मी हसलो. भाऊ हसला नाही. त्याने बातमी बोट फिरवत वाचली.

"उलटा म्हंजे, समदे जातेत त्याच्या इरुद्ध?"

"हो."

"आन् हे खरं हाय? अमेरिकेत बघितलंय?"

"खरं आहे. पण अरे, त्याचा…"

"बास झालं. हेच तू बैठकीत सांगायचं."

तेव्हा मी नाही म्हणू शकलो असतो. ते शब्द काही अवघड नसतात. मी तोंडातल्या तोंडात "लोक हसतील" एवढंच म्हणालो. भाऊ उठता उठता म्हणाला, "लोक कशाला हसतील? लोकांला काय कळतंय?" त्याचं आणि माझं एकमत असलेला हा एकमेव मुद्दा असावा.

बैठक भावाच्या ओसरीवर बसली. मुलीचे वडील धुतलेलं धोतर नेसून, आपल्या दोन भावकीतल्या माणसांना घेऊन आले होते. भावाने घसा खाकरला आणि माझ्याकडे बघितलं. मी उभा राहिलो. वर्गात राहतो तसा.

मी म्हणालो, "शनीला एक नवा चंद्र सापडला आहे. तो उलटा फिरतो. पत्रिका जुळवली तेव्हा हे माहीत नव्हतं."

तिन्ही वाक्यं खरी होती. त्यानंतर मी गप्प बसलो. मला वाटलं, आता कुणीतरी विचारील की मग त्याचं काय? तो चंद्र काय एकट्या या मुलीच्या डोक्यावर आहे? नवऱ्या मुलाच्या नाही? कुणी विचारलं नाही. ओसरीवर नुसता सुस्कारा पसरला. जोशी, ज्याची फळी आता शाबूत राहणार होती, तो खुशीत पुढे सरकला. "बरोबर हाय. पंचांग चूक नव्हतं, हे नवीनच उद्भवलं. सप्तमात शनी, त्याला उलटा चंद्र. संसार उलटा जायचा." तोपर्यंत हे कुणी म्हणालं नव्हतं. जोशाने एका दमात नवं शास्त्र तयार केलं आणि सगळ्यांनी माना डोलावल्या.

मुलीच्या वडिलांनी माझ्याकडे बघितलं. "सर, तुमी तर ह्यातलं काय मानत न्हाय."

"नाही मानत."

"तरी बी तुमी सांगताय म्हंजे…"  त्यांनी टोपी नीट केली आणि ते उठले. चहा ठेवलेला होता, तो त्यांनी घेतला नाही.

पुढच्या हंगामात पुतण्याचं उमरग्याला लग्न झालं. मी अक्षता टाकल्या आणि जेवलोही. मुलीला मात्र भागात नाव पडलं, 'उलट्या चंद्राची'. बघायला येणारे आधी चंद्राची चौकशी करायचे. काही जण ग्रहाची शांत करा म्हणायचे. जोशाने त्या चंद्राची शांत करायचा विधीही बसवला होता. नाव नसलेल्या धोंड्याला कुठल्या मंत्राने हाक मारत होता, देव जाणे. मुलीने शांत करून घ्यायला साफ नकार दिला. म्हणून लोक म्हणाले, बघा, पोरगी उलटीच आहे. तिचं लग्न झालं नाही. वडील गेले. तिच्या भावाने वाशीला कृषी सेवा केंद्र काढलं आणि ती गल्ल्यावर बसू लागली.

हे सगळं मला कळत होतं. मी तेव्हाही दुर्बीण लावत होतो आणि लोकांना मूर्ख म्हणत होतो. त्या दुर्बिणीतून तो धोंडा कधी दिसणार नव्हता. जगातल्या मोठमोठ्या दुर्बिणींतही तो एक ठिपका. पुढे त्याच्यासारख्या धोंड्यांना कुठल्याशा थंड मुलखातल्या पुराणांतल्या राक्षसांची नावं दिली गेली. ह्याला मिळालं की नाही, हे मी बघायला गेलो नाही.

आता मी म्हातारा झालो आहे. जोशी गेला, त्याचा मुलगा ते दुकान मोबाइलवर चालवतो. मध्यंतरी शनीला एकदम पुष्कळ चंद्र सापडल्याची बातमी आली, तेव्हा त्याने 'शनी-परिवार शांती' सुरू केली. गिऱ्हाईक भरपूर. त्यांत माझे विद्यार्थीही आहेत, एक तर बी.एस्सी. झालेला.

याच वर्षी एका जुन्या विद्यार्थ्याकडून कळलं की त्या मुलीच्या भावाच्या मुलीला स्थळ आलं आहे आणि मुलाकडचे अडून बसले आहेत. त्यांचं म्हणणं, आत्याच्या पत्रिकेत उलटा चंद्र होता, म्हणजे तो घराण्यात आहे, तर आधी शांत करा आणि मगच सुपारी. मी विचारलं, बैठक कधी आहे? त्याने दिवस सांगितला. त्या दिवशी सकाळी मी एसटीने वाशीला गेलो.

दुकानाच्या मागे त्यांचं घर. खताच्या पोत्यांचा वास थेट बैठकीच्या खोलीपर्यंत येत होता. मुलाकडून मुलाचे वडील आणि मामा आले होते. बोलण्याचं काम मामांकडे होतं. मला बघून मुलीचा बाप गोंधळला, पण म्हाताऱ्या माणसाला दारातून परत कोण पाठवतो? खुर्ची दिली. मी बसलो नाही.

"मी मुलीच्या आत्याचा शिक्षक. तो चंद्र मी सांगितला होता. ते सगळं खोटं होतं. माझ्या भावाला सोयरीक मोडायची होती म्हणून."

मामांनी माझ्याकडे आदराने बघितलं. "तुमीच व्हय ते सर? नाव लई ऐकलंय तुमचं. बसा बसा." मग ते जरा पुढे वाकले. "खोटं म्हंजे, तसा चंद्र न्हाईच?"

"चंद्र आहे."

"उलटा फिरत न्हाय?"

"फिरतो. पण…"

"शनीचाच हाय न्हवं?"

"शनीचाच."

"मग खोटं काय सांगितलं तुमी?" मामांनी हात पसरून मुलाच्या वडिलांकडे बघितलं. "सर, तुमी भला माणूस. पोरीचं वाईट वाटतंय म्हणून म्हणताय. आमाला समजतंय. पर खऱ्याला खोटं म्हणून कसं चालंल?"

मी समजावू लागलो. तो कोट्यवधी कोसांवर आहे, त्याचा प्रकाश नाही, त्याची ओढ पृथ्वीपर्यंत पोहोचत नाही, जन्मणाऱ्या प्रत्येकाच्या वर तो सारखाच असतो. मामा मान डोलवत राहिले. दुर्बिणीपाशी सरपंचांना समजावलं तेव्हा त्यांनी जशी डोलवली होती, अगदी तशी. माझं खोटं तीन वाक्यांत खपलं होतं. खरं अर्धा तास विकत होतो आणि गिऱ्हाईक नव्हतं.

एवढ्यात आत्या, म्हणजे माझी ती विद्यार्थिनी, चहा घेऊन बाहेर आली. केस पांढरे झालेले, चष्मा कपाळावर. तिने मला ओळखलं, पण ते दाखवलं नाही. कप ठेवले आणि मला विचारलं, "किती मोठाय तो चंद्र, सर?"

"मोठा कसला? आपल्या गावाच्या शिवारात मावेल एवढा."

"गोल हाय?"

"नाही. वेडावाकडा आहे. ढेकळासारखा."

"आन् उलटा म्हंजे कुणाच्या मानानं?"

मला वर्ग आठवला. तेव्हा न दिलेलं उत्तर मी आता दिलं. "शनी स्वतःभोवती ज्या दिशेने फिरतो, त्या मानाने. त्या चंद्राला काही उलटंसुलटं नाही. तो आपला जातो तसा जातो."

ती मामांकडे वळली. "ऐकलं का पाव्हणं? शिवारात मावंल एवढं ढेकूळ हाय. तुमाला त्याचं भ्या वाटतंय. आमची पोरगी नर्सिंग शिकलीय, मुडदं बघून आलीय ती. असल्या भित्र्या घरात तिचा जीव रमायचा न्हाय. चहा घ्या."

"आवं ताई, नुसती शांत करा म्हणलं, मोडायचं कोण म्हणलं?"

"आमी म्हणलं," ती म्हणाली. "आन् कारण बी तोंडावर सांगितलं. भावकीला बोलवायचं काम न्हाय."

मुलीचा बाप चुळबुळला. दाराआडून कुणीतरी हसलं. बहुधा मुलगीच. पाहुण्यांनी चहा घेतला, उगीच पावसापाण्याचं बोलले आणि गेले. जाताना मामा माझ्या पाया पडले.

मी थांबलो. आता ती मला शिव्या घालील किंवा माफ तरी करील, अशी माझी अपेक्षा होती. दोन्हींपैकी काहीही चाललं असतं. ती दुकानात जाऊन एका गिऱ्हाइकाला फवारणीचं औषध देऊन, वर कसं मारायचं ते दोनदा बजावून परत आली, तरी मी उभाच.

"अजून काय हाय, सर?"

"माझ्यामुळे तुझ्या जन्माचं वाटोळं झालं."

तिने चष्मा डोळ्यांवर घेतला आणि मला नीट बघितलं. एकदा दुर्बिणीची नळी बघितली होती तशी.

"तुमच्यामुळं? तुमाला लई मोठं व्हायचंय, सर. तुमच्या भावाला सोयरीक मोडायचीच व्हती. तुमी नसता तर म्हैस मेली म्हणून मोडली असती. आन् माझं वाटोळं झालंय, हे तुमाला कुणी सांगितलं? माझ्या घरात येऊन, माझ्याच तोंडावर?"

मी हातातला गार झालेला चहा संपवून कप खाली ठेवला.

"बरं, खरं सांगायला आलात. भावाला सांगितलं का हे? तुमच्या गावात?"

"नाही."

"सोयरीक तिथं मोडली. बैठक तिथं बसली. आन् खरं सांगायला वाशीला येताय? इथं कोण तुमचं काय वाकडं करणार हाय?" तिने माझा रिकामा कप उचलला. "साडेबाराची एसटी हाय. जावा."

मी गेलो. त्याच दिवशी भावाच्या दारात गेलो. तो आता खुर्चीतून फारसा उठत नाही, पण जेवतो चांगलं. शेजारी पुतण्या बसला होता, पोट सुटलेला, दोन्ही हातांत मोबाइल. मी सगळं सांगितलं. बातमी, बैठक, ती तीन वाक्यं.

भाऊ बराच वेळ आठवत राहिला. "कसला चंद्र?"

मी पुन्हा सांगितलं.

"आरं, त्या पोरीचं व्हय? ती रंगानं काळी व्हती म्हणून मोडलं न्हवं?" आणि सुनेला हाक मारून म्हणाला, "मास्तरला काय खायला द्या. त्याचं डोकं फिरलंय."

त्याला आठवत नव्हतं. तो ढोंग करत नव्हता. ज्या गोष्टीने एका घराचं नाव इतकी वर्षं वाईट केलं, ती त्याच्या डोक्यातून कधीच निघून गेली होती. माझी खरी लायकी मला तेव्हा समजली.

पुतण्याने मात्र मोबाइल खाली ठेवला. मला फाटकापर्यंत सोडायला आला आणि हळूच म्हणाला, "काका, झालं गेलं. हे आता कुठं बोलू नका. आमच्या पोरीचं बघायचं चाललंय. पाव्हण्यांच्या कानावर गेलं तर काय म्हणतील, सुपारी फोडून शब्द फिरवणारं घर हाय म्हणून? मोडंल ना सगळं."

"मग कारण सांग," मी म्हणालो. "काहीतरी नवीन सापडेलच."

तो रागावला. पण त्याचं म्हणणं बरोबर आहे, आणि म्हणूनच मी हे लिहिलं. आमच्या घराने सुपारी फोडून शब्द फिरवला. कारण खोटं दिलं. ते खोटं मी दिलं. त्या मुलीच्या पत्रिकेत, अंगात, घराण्यात काहीही वाईट नव्हतं आणि नाही. पुतण्याची मुलगी हुशार आहे, आपल्या आजोबांवर आणि माझ्यावर अजिबात गेलेली नाही. हे वाचून ज्यांना तिची सोयरीक मोडावीशी वाटेल, त्यांनी खुशाल मोडावी. असल्या घरात ती न गेलेलीच बरी.